पंधरा वॉटचा उजेड

मे महिन्यात आईकडे रत्नागिरीला गेले. पहिल्याच रात्री पाणी घ्यायला फ्रिज उघडला तर आत मिट्ट काळोख. लाइट गेली असं वाटून मागं वळून पाहिलं, तर माजघरातली ट्यूब लख्ख चालू. फ्रिजही चालूच होता. कॉम्प्रेसरची घरघर ऐकू येत होती, हात घातला तर बाटली गार लागली. दिवा तेवढा नव्हता.

"आई, फ्रिजमधला दिवा लागत नाही गं?"

"नाही लागत," ती अंथरुणावरूनच म्हणाली. "पण अडत नाही काही. हाताला कळतं मला."

रोज रात्री साडेनऊला आमचा फोन होतो. शेजारच्या मांजरीला पिल्लं झाली, यंदा आंब्याला मोहोर उशिरा आला, विहिरीच्या पंपाची फूट व्हॉल्व्ह बदलली, असं सगळं ती मला सांगते. या दिव्याबद्दल मात्र अवाक्षर नव्हतं.

सकाळी मी चहाचा कप घेऊन माजघरात बसले होते आणि आई इंजेक्शनच्या तयारीला लागली होती. तिला चौदा वर्षं मधुमेह आहे, त्यातली शेवटची सहा इन्सुलिनवर. फ्रिजच्या दारातल्या कप्प्यात तिच्या दोन बाटल्या असतात. दोन्ही १० मिलिलिटरच्या, दोन्ही अंगठ्याएवढ्या, दोन्हींना तसंच रबरी बूच. एकीतलं इन्सुलिन पाण्यासारखं नितळ, ते लवकर कामाला लागतं आणि लवकर संपतं. दुसरीतलं दुधी, ते सावकाश चालतं. सिरिंजमध्ये आधी नितळ ओढायचं आणि मग दुधी, हा क्रम चुकवायचा नाही. दुधी बाटली ओढण्याआधी दोन तळव्यांत रवीसारखी हलकेच फिरवायची, म्हणजे खाली बसलेलं सगळीकडे सारखं होतं. सिरिंज लाल टोपणाची, ४० युनिटवाली, तीच आणायची. हे सगळं आईला पाढ्यासारखं पाठ आहे. पण अंधारात नितळ काय आणि दुधी काय, दोन्ही सारखंच.

आईनं दार उघडलं. आत बघितलंसुद्धा नाही. तिची नजर भिंतीवरच्या कॅलेंडरकडे होती. उजवा हात दाराच्या कप्प्यात गेला, बोटं एका बाटलीच्या गळ्यावरून फिरली, थांबली, पुढच्या बाटलीवर गेली आणि ती घेऊन बाहेर आली. मग हात परत आत गेला आणि पहिली बाटली घेऊन आला. दोन्ही बाटल्यांच्या गळ्याला रबर गुंडाळलेले होते, कोथिंबिरीच्या जुडीला असतात तसले. एकीला एक, दुसरीला दोन.

"एक म्हणजे पाण्यासारखं, दोन म्हणजे दुधी," माझ्याकडे न बघता ती म्हणाली.

वरच्या कप्प्यात अमृत कोकमची बाटली होती. तिच्या गळ्याला सुतळीची गाठ. म्हणजे तीही हातानं ओळखायची सोय.

माझ्या पोटात धस्स झालं. तिचा डावा डोळा मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेला आहे, उजवा अजून पिकायचाय. "ट्यूब लावून बघायचं ना" असं म्हणायला मी तोंड उघडलं आणि स्वतःच फ्रिजपुढे जाऊन उभी राहिले. ट्यूब पाठीमागच्या भिंतीवर. फ्रिजसमोर उभं राहिलं की आपलीच सावली आत पडते आणि वाकलं की आणखी गडद होते. म्हणून तर फ्रिजचा दिवा आतच ठेवलेला असतो. बाहेर कितीही उजेड असला तरी बघणाराच त्याच्या आड उभा असतो.

हा फ्रिज कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर सुरू झाली त्या वर्षीचा, म्हणजे १९९८ चा. एक दार, १६५ लिटर, वरती बर्फाचा लहान कप्पा. थर्मोस्टॅटची फिरकी आणि दिवा दोन्ही उजव्या भिंतीवर एकाच प्लास्टिकच्या डब्यात बसवलेले. गॅस दोनदा भरून झाला, दाराचं रबर एकदा बदललं. याच्या आधी त्याच्या दिव्याचा विचार मी कधी केल्याचं आठवत नाही.

ज्यांच्याकडे नेहमी दुरुस्ती करून घेतो त्यांना फोन केला. "कूलिंग होतंय ना?" त्यांनी विचारलं. हो म्हटल्यावर म्हणाले, "मग चालू द्या ताई. बल्ब गेला असेल. एवढ्यासाठी यायचं म्हणजे तुम्हालाच परवडणार नाही." त्यांचंही बरोबर असेल. पण कप्प्यातल्या त्या दोन बाटल्या त्यांनी पाहिल्या नव्हत्या.

मग मीच कामाला लागले. प्लग काढला. दिव्यावरचं दुधी प्लास्टिकचं झाकण एका बाजूनं दाबून सोडवलं आणि बल्ब उलटा फिरवून बाहेर काढला. लिंबाएवढा लहान बल्ब, खाली आटे. घरातल्या नेहमीच्या बल्बला दोन पिना असतात, दाबून फिरवला की बसतो. हा आट्यांचा. बुडावर बारीक अक्षरं होती, भिंग लावून वाचली तेव्हा १५ वॉट आणि ई १४ एवढं कळलं. ई म्हणजे एडिसन, आट्यांची ही पद्धत त्याच्याकडून आली, आणि १४ म्हणजे आट्यांची जाडी, १४ मिलिमीटर. मोठ्या आट्यांचा बल्ब असतो तो ई २७.

तो बल्ब हातात धरून बसले आणि ठाण्याच्या एका काकूंची आठवण आली. आमच्या शेजारी एक बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या ज्यूंचं कुटुंब राहायचं. घरात आपल्यासारखीच मराठी, मूळ अलिबागकडचे. कोकणात पूर्वी या लोकांना शनवार तेली म्हणत, कारण त्यांचा धंदा तेल गाळायचा आणि शनिवारी घाणा बंद. त्यांच्या धर्मात शुक्रवारी सूर्य मावळला की शनिवारी रात्री चांदण्या दिसेपर्यंत विस्तव पेटवायचा नाही. फ्रिजचं दार उघडलं की आत दिवा पेटतो, म्हणजे तोही आपल्या हातून पेटवल्यासारखाच झाला. म्हणून काकू शुक्रवारी संध्याकाळी न विसरता तो बल्ब दोन आटे सैल करून ठेवायच्या. दिवसभर लागणारं सगळं त्या आधी पुढच्या फळीवर ओळीनं लावायच्या. शनिवारी मी त्यांच्याकडे खेळायला गेले की त्या अंधाऱ्या फ्रिजमधून बरोबर माझ्यासाठी खीर काढून द्यायच्या, आणि मला त्याचं फार नवल वाटायचं. पण तो काळोख त्यांनी आपल्या मनानं घेतलेला होता, एका दिवसापुरता, सगळी तयारी करून. आईच्या फ्रिजमधला काळोख तसा नव्हता.

बल्ब पिशवीत घालून रामआळीत गेले. पहिल्या दुकानात मुलानं झिरोचा बल्ब पुढं केला. तो पिनांचा, इथं बसायचा नाही. (आमच्या लहानपणी सगळे त्याला झिरो म्हणत आणि त्याला वीज लागतच नाही असं समजून रात्रभर देवघरात जळत ठेवत. प्रत्यक्षात तोही बारा-पंधरा वॉट खातो. जुन्या मीटरच्या चकतीला एवढीशी वीज हलवू शकत नसे, म्हणून तो झिरो.) दुसऱ्या दुकानात "आता सगळं एलईडी, ताई" एवढंच उत्तर मिळालं. तिसरे दुकानदार म्हातारे होते. त्यांनी बल्ब हातात घेतला, कानाशी धरून हलवला आणि म्हणाले, "हा गेलेला वाटत नाही हो. तार वाजत नाही आतली." मी तरी नवाच घेतला. बल्ब गेला असणार हे माझ्या डोक्यात पक्कं बसलं होतं. त्या दुकानदारांचं ऐकलं असतं तर अर्धा दिवस वाचला असता.

नवा बल्ब बसवला, प्लग लावला, दार उघडलं. काळोख तसाच.

आमच्या पलीकडच्या घरातली मुलगी आयटीआयला वीजतंत्रीच्या दुसऱ्या वर्षाला आहे. संध्याकाळी ती आईला फुलं द्यायला आली, तेव्हा मी तिला सहज म्हटलं. पोरीचे डोळे चमकले. पाच मिनिटांत घरी जाऊन मल्टिमीटर, टेस्टर आणि पॉलिश पेपरचा तुकडा घेऊन आली. केस वर बांधले, हात कोरडे पुसले आणि सगळ्यात आधी मला विचारलं, "मावशी, फ्रिज गार होतोय?"

"होतोय."

"म्हणजे वीज आत येतेय. बिघाड दिव्याच्या फांदीवर आहे. बल्ब, होल्डर, बटण किंवा यांच्यामधली वायर. एवढंच बघायचं."

विजेच्या वाटेला फांदी म्हणणं मला फार आवडलं. एकाच खोडातून वीज वर येते, एक फांदी थर्मोस्टॅटवरून कॉम्प्रेसरला जाते, दुसरी बटणावरून दिव्याला. एक वाळली म्हणून झाड मरत नाही. उलट दोन्ही एकदम बंद पडल्या असत्या, तर खोडाकडे बघायचं, म्हणजे प्लग, सॉकेट, घरातला फ्यूज.

तिनं प्लग काढला आणि माझा जुना बल्ब मीटरला लावला. मीटरनं तीनशेच्या आसपास ओहम दाखवले. "चांगला आहे की हा! तार तुटली असती तर काहीच दाखवलं नसतं." मी हिशेबाच्या कामात आयुष्य काढलेली बाई, मला आकडा मिळाला की राहवत नाही. २३० व्होल्टवर १५ वॉटचा बल्ब जळताना त्याच्या तारेचा विरोध साडेतीन हजार ओहमच्या घरात असायला हवा. इथं गार तार तीनशे दाखवत होती. म्हणजे दार उघडल्याच्या पहिल्या क्षणाला त्या केसाएवढ्या तारेतून दहा-बारा पट प्रवाह धावत जातो आणि तार तापली की आवरतो. बल्ब बहुतेक वेळा लावतानाच का जातात ते मला त्या दिवशी कळलं. आणि एवढे धक्के सोसून हा शाबूत कसा, तेही मी मांडून पाहिलं. अशा बल्बचं आयुष्य साधारण हजार तास धरतात. आई एकटी, दिवसातून तीसदा दार उघडत असेल, दर वेळी दहा सेकंद. दिवसाची पाच मिनिटं. हजार तास पुरायला बारा हजार दिवस लागतील, म्हणजे जवळजवळ तेहतीस वर्षं. आईनं वीज जपून वापरली, ती अशीही.

"आमचे सर सांगतात, आधी नजर, मग हात, मग मीटर," ती म्हणाली. "मी उगाच आधी मीटर काढला." आणि तिनं दार उघडं ठेवून डब्याच्या पुढच्या कडेवर बोट फिरवलं. तिथं फ्रिजचं बटण असतं. दार बंद झालं की दाराचा आतला भाग ते दाबतो, दार उघडलं की स्प्रिंग त्याला बाहेर ढकलते. आपल्या भिंतीवरच्या बटणाच्या अगदी उलट काम. हे दाबलं की दिवा विझतो, सोडलं की पेटतो.

तिचं बोट थांबलं. "मावशी, बटण बाहेर आलंच नाहीये."

मी वाकून पाहिलं. दार सताड उघडं होतं आणि बटण आत दबलेलं होतं, कडेला नुसतं नखाएवढं पांढरं दिसत होतं. फ्रिजच्या लेखी दार बंदच होतं. त्यानं दिवा लावला नाही यात त्याची काहीच चूक नव्हती. दोन महिने ते बटण फ्रिजला सांगत होतं की अजून कुणी दार उघडलेलं नाही.

तिनं मोबाइलचा टॉर्च जवळ नेला. बटणाच्या भोवतीच्या फटीत काहीतरी होतं, काळपट जांभळं, काचेसारखं चकाकणारं. नखानं खरवडल्यावर बारीक खपली निघाली. तिनं ती बोटावर घेऊन नाकाशी नेली.

"कोकम आहे."

कोकमचा पाक. रातांब्याच्या सालीत साखर भरून उन्हात ठेवली की सुटतो तो, मधासारखा दाट. सांडला आणि पुसायचा राहिला तर सरसासारखा धरून बसतो. बटणाच्या खाचेत उतरून तो वाळला होता आणि सत्तावीस वर्षांच्या थकलेल्या स्प्रिंगला त्यानं धरून ठेवलं होतं.

ती मुलगी विचार करत होती. तिच्या वयाच्या मुलांना कोडं सुटायला लागलं की थांबवत नाही. "पण बघा हं मावशी, बटण दाबलेलं असतानाच वाळलंय. म्हणजे पाक सांडला आणि दार लगेच लागलं. आणि मग बराच वेळ कुणी उघडलंच नाही. मध्ये उघडलं असतं तर बटण बाहेर आलं असतं आणि तसंच वाळलं असतं. मग दिवा चालूच राहिला असता." मग आईकडे वळून तिनं सरळ विचारलं, "आजी, सरबत रात्री सांडलं होतं का?"

आई दारात उभी होती, हातात फुलांची परडी. तिनं उत्तर त्या मुलीला दिलं, मला नाही.

"शिमग्यात. पालखी आली त्या रात्री."

आमच्याकडे शिमग्याला ग्रामदेवतेची पालखी घरोघर येते. त्या रात्री साडेआठपर्यंत येईल असा निरोप होता. पालखी येऊन जाईपर्यंत आई जेवत नाही, ती कधीच जेवलेली नाही. पण पालखी गेल्यावर लगेच पान वाढता यावं म्हणून तिनं आठ वाजता इन्सुलिन घेऊन टाकलं. जेवणाआधी अर्धा तास घ्यायचं असतं, तसं घेतलं. पालखी आली अकरा वाजून गेल्यावर. वाटेत एका वाडीत नाचवत होते, उशीर झाला. तीन तास आई ओटीचं ताट घेऊन ओसरीवर बसली होती. पालखी आली, तिनं ओटी भरली, नारळ दिला, आणि सगळा मेळा ढोल वाजवत पुढच्या घराकडे गेला. शेजारपाजारचेही पालखीबरोबर गेले. घर रिकामं झालं तेव्हा तिला घाम फुटला होता आणि हात कापत होते.

"मला कळलं, साखर उतरली. म्हटलं, कोकम पिऊया. बाटली काढली, बूच निघेना, हात असे असे होत होते. पेल्यात ओतायला धीर नव्हता. तशीच तोंडाला लावली. प्यायले थोडं, मग ठेवायला गेले तर आतच सगळं सांडलं. दार लोटलं, आणि तिथंच खाली बसले दाराला पाठ लावून. उठवेना."

"किती वेळ, आजी?"

"कोंबडा आरवला तेव्हा उठले. बिस्किटं होती डब्यात वरच्या फळीवर, पण तिथवर हात पोचेना आधी. मग जरा बरं वाटल्यावर खाल्ली."

म्हणजे ते दार रात्रभर बंद ठेवलं होतं माझ्या आईच्या पाठीनं.

साखर ७० च्या खाली गेली की काय करायचं ते डॉक्टरांनी आम्हा दोघींना समोर बसवून सांगितलं होतं. १५ ग्रॅम साखर, म्हणजे तीन चमचे, पाण्यातून किंवा सरबतातून. १५ मिनिटांनी परत तपासायचं, तरी कमी असेल तर परत तेवढीच. म्हणून तर मधुमेह असलेल्या बाईच्या फ्रिजमध्ये ती गोड बाटली. घरात कुणी नसताना, हात कापत असताना, डॉक्टरांनी सांगितलेलं सगळं आईनं जमेल तेवढं केलं होतं. मी त्या रात्री ठाण्याला होते. मार्चअखेर, ऑफिसातून दहाला घरी आले होते. साडेनऊचा फोन मी सातलाच उरकला होता, कारण नंतर जमणार नव्हतं.

"मला का नाही सांगितलंस?"

"सांगितलं असतं तर दुसऱ्या दिवशी ठाण्याला चल म्हणाली असतीस."

म्हणालेच असते. मी त्यावर काही बोलले नाही. सकाळी उठून तिनं जमीन पुसली, कप्पे धुतले, दिसला तेवढा पाक काढला. दिवा लागत नाही हे तिला त्याच सकाळी कळलं होतं. पण दिव्याबद्दल बोललं तर कधी गेला आणि कसा गेला हेही निघालं असतं. म्हणून तिनं कपाटातून रबर काढले.

ती मुलगी जरा गप्प झाली होती. आई तिला म्हणाली, "कर गो तुझं काम. आणि झालं की खोबऱ्याची वडी खा."

काम सोपं होतं. कोमट पाण्यात बुडवून घट्ट पिळलेलं फडकं बटणावर धरून ठेवायचं, पाक विरघळला की टिपायचा, परत धरायचं. तेल घालावं का असं मी विचारलं, तर तिनं मान हलवली. तेलावर पुन्हा धूळ बसते आणि प्लास्टिकही खराब होतं. सात-आठ वेळा फडकं बदललं. पाणी गुलाबी होत गेलं. आणि मग बारीकसा टक् आवाज होऊन बटण आपलं आपण बाहेर आलं. तिनं ते वीस-पंचवीस वेळा दाबून सोडून पाहिलं, मीटरची बीप येते-जाते का ते तपासलं, आणि तासभर पंख्याखाली सगळं वाळू दिलं. ओल राहिलेली असताना प्लग लावायचा नाही, याबाबतीत ती फार कडक होती.

दिवा लागला. पण थरथरत होता, मध्येच मंद व्हायचा. परत प्लग काढून तिनं होल्डरमध्ये टॉर्च मारला. तळाशी पितळेची जीभ असते, तिच्यावर बल्बचं बूड टेकतं. ती खाली दबली होती आणि तिच्यावर हिरवी पुटं चढली होती. आमच्याकडे समुद्राची खारी हवा, पितळ कळकायला वेळ लागत नाही. आई लगेच म्हणाली, "आमसुलानं घास, लख्ख होईल." तिची तांब्याची कळशी, समया, सगळं आमसुलानं निघतं. "आजी, तिथं ओलं नको," म्हणत मुलीनं पॉलिश पेपरचा बोळा करून जीभ घासली आणि स्क्रू ड्रायव्हरच्या टोकानं ती केसभर वर उचलली. जुनाच बल्ब बसवला. या वेळी उजेड स्थिर होता.

तो पिवळा, उबदार उजेड बघताना मला माझा ठाण्याचा फ्रिज आठवला. त्यात छतालाच एलईडीची पट्टी आहे, दारात लोहचुंबक आणि आत त्याची चाहूल घेणारा सेन्सर, सगळा कारभार बोर्डाच्या हातात. तिथं आटे नाहीत, होल्डर नाही, दाबायला बटणही दिसत नाही. दार फार वेळ उघडं राहिलं तर काही फ्रिज दिवा आपण होऊन बंद करतात, तो बिघाड नसतो. पाच-दहा मिनिटं प्लग काढून परत लावणं एवढंच आपल्या हातात, पुढचं कंपनीच्या माणसाचं काम. वीज कमी लागते, उष्णता जवळजवळ नाही, हे सगळं खरं. पण आईच्या फ्रिजचा दिवा अठरा-एकोणीस वर्षांच्या मुलीला फडक्यानं दुरुस्त करता आला, याचं मला मोल वाटतं.

एक काम राहिलं होतं. दार लावल्यावर दिवा विझतो का? बटण आता उलट बाहेर अडकलं असतं तर दिवा आत जळत राहिला असता. १५ वॉट म्हणजे तीन दिवसांना एक युनिट, आणि त्याची ऊब बाहेर काढायला कॉम्प्रेसरला वेगळं पळावं लागणार. इन्सुलिनला तर २ ते ८ अंशच हवेत. मुलीनं माझा मोबाइल व्हिडिओ चालू करून आत ठेवला, कॅमेरा दाराकडे, आणि आईला दार लावायला सांगितलं.

तो व्हिडिओ माझ्याकडे आहे. आधी माजघर दिसतं, कॅलेंडर, मुलीचा हात. मग आई फ्रिजसमोर येते. फ्रिजच्या आतून बघितलेला आईचा चेहरा, पिवळ्या उजेडात, थोडा वाकलेला. डावा डोळा स्वच्छ, उजव्यात साईसारखं पांढुरकं. ती आत बघते आहे, फळीफळीवरून तिची नजर जाते आहे, पहिल्यांदाच सगळं पाहावं तशी. मग दार जवळ येऊ लागतं, तिचा चेहरा अरुंद होत जातो, दोन बोटांएवढी फट उरते, आणि दिवा विझतो.

त्या उजेडात आम्ही रात्री सगळा फ्रिज आवरला. मागच्या कोपऱ्यात एक इन्सुलिनची बाटली निघाली, तळाशी थोडंसं उरलेलं. बाटली उघडल्याची तारीख आई चिठ्ठीवर लिहून चिकटवते. ती चिठ्ठी फाल्गुनातली होती. उघडल्यावर महिनाभरानं टाकून द्यायची असते. तिच्याही गळ्याला एक रबर होता. मी ती हातात धरून बराच वेळ उभी होते. आईनं माझ्या हातातून घेतली, रबर काढून घेतला आणि बाटली टाकायच्या डब्यात ठेवली.

तिच्या उशाशी मी खडीसाखरेची बरणी ठेवली, रुंद तोंडाची, नुसतं टेकवायच्या झाकणाची. पुढच्या शिमग्याची रजा ठाण्याला परतल्या परतल्या साहेबांकडे मागून घेतली.

निघायच्या दिवशी सकाळी मी बाटल्यांचे रबर काढायला गेले. आता उजेड होता, त्यांचं काम संपलं होतं. आईनं माझ्या हातावर हात ठेवला.

"राहू दे ते. पावसाळा तोंडावर आलाय. लाइट गेली की हाही जातोच की."

रामआळीतून आणलेला नवा बल्ब मी तिथंच ठेवला. दारातल्या अंड्यांच्या खळग्यांत आमच्याकडे लिंबं असतात, त्यांच्या शेजारी तो खोक्यासकट बसला. ठाण्याला पोचल्यावर रात्री साडेनऊला आईचा फोन आला. मांजरीचं एक पिल्लू आता ओसरीवर यायला लागलंय, म्हणाली. आणि त्या बल्बच्या खोक्याला तीन रबर लावलेत, असू दे लक्षात.